अळणी कोंबडी

कापिसच्या खाडीवर साल्बासियोन तीस वर्षं एकच काम करत आली. उधाणाला बांधातल्या उघाडीच्या फळ्या काढून कोळंबीच्या तळ्यात पाणी घ्यायचं, ओहोटी लागायच्या आत फळ्या बसवायच्या. तिच्या खोपटामागे बांधाच्या कडेनं खारफुटीतल्या तिवराची चाळीसेक झाडं होती. वादळात समुद्र आधी त्यांच्या अंगावर जाई. खोपट आणि बांध दोन्ही शाबूत होते ते त्यांच्यामुळेच.

तळ्यांचे मालक सर हेर्मी मनिलात शिकलेले. त्यांच्या वडिलांनी खारफुटी तोडून तळी खणली. आता लेकाला त्याच तळ्यांतल्या कोळंबीवर ‘निसर्गस्नेही’ असा शिक्का हवा होता. परदेशातून तपासनीस बाई येणार म्हणून त्यांनी समुद्राकडच्या उघड्या चिखलात खारफुटी म्हणून कांदळाच्या हजार काड्या रोवून घेतल्या, शाळेतल्या बाकांसारख्या सरळ रांगांत. फोटो छान आले.

“सर, तिथं लाटांपुढं कांदळ टिकत नाही.”

“मानांग, तू फळ्या सांभाळ,” सर म्हणाले. थोरल्या बाईला मानांग म्हणण्याइतका मान ते ठेवत, ऐकण्याइतका नाही. “आणि मागची तिवरं तोडून टाक. बांध कसा स्वच्छ दिसायला हवा. बाईंना वाटेल, रान माजलंय.”

साल्बानं आवाज साधाच ठेवला.

“तोडू की. आधी आतल्यांना विचारते.”

सरांचा चेहरा उतरला. झाडात राहणाऱ्या गोऱ्यापान, न दिसणाऱ्या तामावोंवर आपला विश्वास नाही, असं ते भाषणात सांगत. पण चर्चमागच्या वडाखालून जाताना गाडीचा हॉर्न वाजवून वाट मागत.

“काय लागेल?”

“पांढरी कोंबडी. उकडलेली, बिनमिठाची. मीठ त्यांना चालत नाही.”

कोंबडी आली. साल्बानं ती तिवराखाली पानावर मांडली, काहीतरी पुटपुटली, आणि घरी नेऊन मीठ-लिंबू चोळून खाल्ली.

“काय म्हणाले?” दुसऱ्या दिवशी सरांनी विचारलं.

“विचार करतायत. त्यांचं कुटुंब मोठं आहे, सर.”

तीन कोंबड्या झाल्या, निर्णय होईना. चौथ्या दिवशी बाईच आल्या.

ओहोटी होती. हजारातल्या बाराएक काड्या उभ्या होत्या, कालवांनी लगडलेल्या. बाईंनी चष्मा पुसून पुन्हा पाहिलं.

“खारफुटी कुठंय?”

साल्बा खोपटाच्या वाटेतून फक्त बाजूला झाली. मागे चिखलातून बोटांसारखी वर आलेली मुळं, त्यांत खेकडे, फांद्यांवर बगळे.

“ही काय!” सर ओरडले. “जिवापाड जपलीत मी!”

बाईंनी ते लिहून घेतलं. महिन्याभरात शिक्का आला. साल्बाला कोळंबीचं चित्र असलेली टोपी मिळाली.

मग एक दिवस सर पत्र्याची पाटी घेऊन आले: ‘सर हेर्मी यांनी राखलेलं वन’. सोबत चार खिळे.

“ठोक त्या मोठ्या झाडावर.”

साल्बानं खोडाला कान लावला. बराच वेळ ऐकत राहिली.

“काय म्हणतायत?” सरांचा आवाज आपोआप खाली आला.

“खिळ्यामागे एक कोंबडी. पाटीवरचं नाव खोटं असेल तर मग बोलणीच नाहीत म्हणे.”

सरांनी पाटी मुकाट्यानं गाडीत ठेवली. उधाण चढू लागलं होतं. साल्बानं टोपी डोक्यावर चढवली आणि ती उघाडीकडे निघाली.