दिव्यावरचं टोपलं

माघ वद्य तृतीयेला मी बाहेरची खोली सारवायला काढली. नानाभाऊजींना जाऊन काही आठवडे झाले होते. त्यांची खाट, कंदील, काठी अंगणात आणली आणि माळ्यावरचं बांबूचं टोपलं खाली घेतलं. बाहेरून पिवळं, आतून काजळीनं काळंकुळकुळीत.

नानाभाऊजी माझे धाकटे दीर. लग्न केलं नाही. कचेरीतली कारकुनी सोडून त्यांनी एकच काम धरलं, घरच्या पेढीचा इतिहास. त्यांचे पणजोबा साखरखेर्ड्यात, याच बाहेरच्या खोलीत गादी टाकून बसत. इथं लिहिलेली हुंडी हैदराबादेत वटे, एवढा त्यांच्या सहीला भाव. पुढं त्यांना वैराग्य आलं आणि त्यांनी पेढी मिटवली, असं घरात सांगत. भाऊजी मेहकर, बुलढाणा करत नागपूरच्या दप्तरखान्यापर्यंत जाऊन आले. भाकरी बांधून देणारी मी. खरं सांगायचं तर मी थकून जाई. माणूस उन्हातून यायचा, पाय धुवायचा आणि ताटावर बसून मेलेल्या माणसांची नावं सांगत राहायचा... भाजी गार व्हायची.

एकदा बीबी गावाहून आले ते जेवायला बसलेच नाहीत.

"वहिनी, आपल्या घरात कोनी गेलं की धा दिवस बाहेरच्या खोलीत दिवा ठेवतो. त्याच्यावर टोपलं काऊन झाकतो?"

"मांजर वात नेते म्हनून. सासूबाईनं सांगतलं तसं मी करते."

"मंग रातच्याले टोपलं काढून ठेवतो ते? तुमची मांजर दिवसाच येते का?"

बीबीच्या एका म्हाताऱ्या व्यापाऱ्यानं त्यांना सांगितलं होतं की पणजोबांची पेढी बुडाली होती. पूर्वी पेढी बुडाली की सावकार भर दिवसा गादीजवळ दिवा लावी. रस्त्यावरच्यानं तो पाहून काय ते समजावं. पणजोबांनी तसा दिवा लावला, आणि जे उरलं होतं ते लोकांपुढं ठेवलं. तेव्हापासून या खोलीत दिवसाउजेडी दिवा दिसू द्यायचा नाही, असं घरानं ठरवलं असणार. कारण विसरलं, टोपलं राहिलं.

भाऊजींना हे तालुक्याच्या सहकारी बँकेच्या सभेत सांगायचं होतं. त्याच बँकेत आमचे हे संचालक. ह्यांनी साफ नाही म्हटलं.

"दिवाळखोराचा पणतू बँकेत बसला हाय, हे लोकाइले सांगतं? उद्या कोन ठेव ठेवन?"

"भाऊ, बाकीचे सावकार रातोरात पळून गेले. ह्या मानसानं दिवा लावून लोकाइले बोलावलं. यात लपवायचं काय?"

"तुले घर चालवा लागत नाही बे, म्हनून सुचते."

भाऊजी उठून गेले. सभेत बोलले नाहीत, पुढं काही लिहिलंही नाही. फेऱ्या थांबल्या. माझं काम कमी झालं, आणि ते मला आवडलं नाही.

पौषात तापानं गेले, याच खोलीत. जिथं गेले तिथं पिठावर दिवा ठेवला. दुसऱ्या दिवशी उजाडल्यावर सासूबाईंनी टोपल्याकडं बोट केलं. मी ते उचललं नाही. दार उघडं होतं, समोर बाजाराचा रस्ता. शेजारचे आप्पा भेटायला आले. त्यांची ठेव ह्यांच्याच बँकेत.

"बाई, दिवा उघडा राह्यला."

"हाव. उघडाच ठेवला. या घरची पेढी बुडाली होती, आप्पा. भाऊजीले ते सांगायचं होतं."

हे मागं उंबऱ्यात उभे होते. आप्पांनी एकदा ह्यांच्याकडं पाहिलं.

"ठाऊक हाय. आमच्या आजीचे पैसे होते तिथं. दिवा पाहून गेली, अन् पैशाच्या बदली तुमच्या पनजीबाईच्या हातातलं चांदीचं कडं घेऊन आली. साऱ्या गावाले ठाऊक हाय. तुमी झाकता म्हनून आमी बोलत नाही."

हे आत आले, वाकले आणि दिव्यात तेल घातलं. दहा दिवस तो तसाच जळला. बँकेतून कोणी पैसे काढले नाहीत. मला राहून राहून एकच वाटतं, भाऊजी नागपूरपर्यंत गेले. भिंतीपलीकडं विचारलं असतं तर... पण शेजाऱ्याला आपल्या घरचं कोण विचारतं?

संध्याकाळपर्यंत सारवण झालं. खाट होती तिथं उशाशी दिव्याचा तेलकट गोल डाग आहे, तो काही केल्या झाकला जात नाही. वरून आणखी एक हात दिला, वाळल्यावर पुन्हा दिसला. राहू दे म्हटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गोठ्यातलं शेण काढलं. ते टोपलं घेतलं, शेणानं भरलं आणि गोवऱ्या थापायला परसात गेले.