आप्पासाहेबांचं पिच

आमच्या क्लबच्या मैदानाकडेला एक दगडी रोलर हाय. त्याच्यावर दोन म्हातारे टेकले की आप्पासाहेबांचा किस्सा निघालाच! एकानं सांगितला की दुसऱ्याला आठवतो, त्याच्यावरनं तिसऱ्याला. आप्पासाहेब म्हणजे इंग्रजांच्या काळात गोऱ्यांच्या दांड्या उडवणारा बॉलर, आणि स्वातंत्र्यानंतर आमचा आमदार. मैदानातलं पिच त्यांनी स्वतः रोलर ओढून तयार केलेलं. त्याच पिचवर मी उभ्या तरुणपणात विकेटकीपिंग केलं. म्हणून यंदाच्या जयंतीला जे चाललं, ते बघून माझं डोकं फिरलं!

*

आधी तो चौकातला फ्लेक्स. आप्पासाहेबांच्या डोक्यावर फेटा आणि खांद्यावर गदा! मी तडक फ्लेक्सवाल्याचं दुकान गाठलं.

"आरं, हा माणूस क्रिकेट खेळायचा! गदा कुठनं आणलीस?"

"काका, कोल्हापूरचा जुना नामांकित माणूस म्हटल्यावर पैलवानच की!"

वर मलाच म्हणतोय, चहा घ्या! अरे, पैलवानांना आमचा रामराम हाय, पण ज्यानं जन्मात लंगोट कसला न्हाई त्याच्या खांद्यावर गदा देताना एकाला तरी विचारायचं! चहा न घेताच आलो.

*

आता त्यांचा खरा किस्सा ऐका. हा माझ्या वडिलांनी डोळ्यांनी बघितलेला. एका गोऱ्या साहेबाची टीम खेळायला आलेली. आप्पासाहेबांच्या बॉलवर साहेबाच्या बॅटची कड लागली, कीपरनं कॅच घेतला, आवाज पार रस्त्यावर ऐकू गेला. पण अंपायर साहेबाच्याच ऑफिसातला कारकून. बिचारा घाबरून म्हणाला, "नॉट आऊट!"

 आप्पासाहेबांनी बॉल घेतला, पिचच्या मधोमध गेले आणि मांडी घालून बसले.

साहेब लालबुंद! "ह्याला उठवा! खेळ सुरू करा!"

आप्पासाहेब म्हणाले, "मी कशाला उठू? आऊट तो हाय."

 शेवटी साहेब बॅट काखेत मारून तंबूकडं चालू लागला, तेव्हाच हे उठले.

*

आमदार झाल्यावरचा एक. त्यांच्याच पक्षाची सभा, मुंबईहून मोठा पुढारी येणार. कार्यकर्त्यांनी हौसेनं मंडपाचा खांब पिचवर रोवायला घेतला. आप्पासाहेब आले. बाउंड्रीवर चपला काढल्या, कारण पिचवर चपला घालून जायचं न्हाई हा त्यांचा नियम, आणि आम्ही तो अजून पाळतो. पहार काढून घेतली आणि गरजले, "पुढारी दुसरा मिळंल रे! पिच कुठनं आणणार?"

सभा रस्त्यावर झाली. पुढाऱ्याला चहाच्या गाडीवरच्या बाकड्यावर बसवलं. पुढं तिकीट कापलं गेलं, तरी हे अपक्ष उभे राहिलेच. पडले, तेव्हा कार्यकर्ते म्हणाले, "फेरमोजणी मागू या, आप्पा!"

"दांडी उडाल्यावर अंपायरकडं काय बघायचं? चला घरला."

*

आणि अशा माणसाचा हा नातू! विक्रमदादा! नगरसेवक. यानं आजोबांचा पुतळा उभा करायचं ठरवलं. कुठं? तर बरोब्बर पिचवर!

आम्ही रोलरवाले म्हातारे त्याच्या घरी गेलो. म्हटलं, "दादा, कडेला एवढी जागा पडलीय. पिच सोडा. पोरं कुठं खेळतील?"

"काका, मधोमध असला की चारी बाजूंनी दिसतोय."

"पण त्यांचं पिच उखडून त्यांचाच पुतळा?"

"तुमच्या भावना पोचल्या," म्हणाला आणि फोन कानाला लावला. भावना पोचल्या म्हणं! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. रात्रभर डोळ्याला डोळा लागला न्हाई.

*

भूमिपूजनाच्या दिवशी मांडव, लाऊडस्पीकर, बाजूला जेसीबी घरघरत उभा. विक्रमदादा बूट घालून पिचवर! आम्ही मागच्या खुर्च्यांवर, मर्तिकाला आल्यासारखे.

पहिली कुदळ मारायचा मान आक्कासाहेबांना. आप्पासाहेबांची लेक, विक्रमदादाची आत्या. वय झालंय, काठी टेकत आल्या. बाउंड्रीवर थांबल्या, चपला काढल्या. मी शेजारच्याचा हात दाबला.

पिचवर पोचल्या. दादानं कुदळ हातात दिली, फोटोवाले सरसावले. आक्कासाहेबांनी खाली वाकून पिचवर हात फिरवला. मग काठी बाजूला ठेवली आणि कुदळ मांडीवर घेऊन तिथंच खाली बसल्या.

भटजी घड्याळ बघायला लागले. दादा कानाशी वाकला, हातात माइक तसाच चालू. सगळ्या मैदानानं ऐकलं.

"आत्यासाहेब, उठा की! मुहूर्त टळतोय!"

"मी कशाला उठू? आऊट तू हायस."