बाफल्यांच्या पंगतीला पोपटी

धरमतरच्या बंदरातून बोट सुटली तेव्हा संक्रांत नुकतीच झाली होती, आणि मी माळव्यात नवरा मुलगा पाहायला निघालो होतो. मुलगा माझ्या धाकट्या बहिणीसाठी पाहायचा होता. आमची गोदी पुण्याला शिकून मास्तरीण झाली होती. अशा मुलीचे आमच्या अष्टागरात सगळे कौतुक करतात, आणि तिला सून मात्र दुसऱ्याने करून घ्यावी असे म्हणतात. त्यामुळे देवासच्या स्थळाने आपण होऊन विचारणा केली तेव्हा घरात आनंद झाला. मग कोणीतरी देवास कुठे आहे ते सांगितले आणि आनंद ओसरला.

निघताना आई म्हणाली, "घर बघू नकोस, शेतं बघू नकोस. माणूस बघ. एवढ्या लांबून पोर रडत माहेरी येऊ शकणार नाही. मनाला पटलं नाही तर हात जोड आणि परत ये." होय की नाही ते सर्वस्वी माझ्यावर सोपवून ती घरात गेली. मी शाळामास्तर. मुलांची परीक्षा घेण्याचा सराव आहे, पण ती मुले मला घाबरतात आणि त्यांची उत्तरे पुस्तकात असतात.

मुंबईहून खांडव्यापर्यंत मोठी आगगाडी आणि पुढे धाकटी. ही धाकटी गाडी नर्मदा ओलांडते आणि मग विंध्याचा घाट दमेकरी म्हाताऱ्यासारखी थांबत थांबत चढते. महूला उतरून धारचा टांगा केला. दोन्ही बाजूंना काळीभोर सपाट जमीन, गहू, आणि मधून मधून अफूची पांढरी फुले. मला इतकी सपाटी पाहायची सवय नाही. आमच्याकडे नजर गेली की डोंगराला नाहीतर पाण्याला अडते. टांगेवाल्याने गाव विचारले. समुद्राकाठचा आहे म्हटल्यावर तो मागे वळून म्हणाला, "तो भिया, तम रोज डूबो हो कई?" (मग दादा, तुम्ही रोज बुडता की काय?) मी म्हटले, सणावारी तेवढे. त्याचे समाधान झालेले दिसले.

धारला माझे वामनमामा दरबारात कारकून आहेत. हे आईचे चुलतभाऊ, आणि स्थळ त्यांनीच सुचवलेले. त्यांचे मराठी फार जुने आहे. आमच्याकडे फक्त मंत्राक्षता टाकताना ऐकू येणारे शब्द ते चहा मागताना वापरतात. त्यांनी मला तळे दाखवले, किल्ला दाखवला, पोटभर जेवू घातले आणि पानाला चुना लावता लावता सहज म्हणाले, "देवासकरांस मी कळवून ठेविलें आहे, की आमचा भाचा पोपटी करण्यांत निष्णात. ते तुझ्यासाठी गोट देणार आहेत."

पोपटी म्हणजे आमच्याकडच्या, मडक्यात कोंडून भाजलेल्या शेंगा, आणि गोट म्हणजे रानातले जेवण. थंडीत पिके उभी असताना माळव्यातली माणसे कोणाच्या तरी मळ्यात जमतात, गोवऱ्यांच्या विस्तवात बाफले, म्हणजे कणकेचे गोळे, भाजतात आणि तुपात बुडवून खातात. त्या घरच्या गोटीत स्वयंपाक पुरुषांनी करायचा, बायकांनी सावलीत बसून चुका काढायच्या, आणि पाहुण्याने आपल्या गावचे एक तोंडीलावणे करायचे, अशी रीत होती. म्हणजे मी परीक्षा घ्यायला निघालो होतो आणि मामांनी मलाच परीक्षेला बसवले होते.

आम्ही दोघे इंदुरावरून देवासला गेलो. देवीची टेकडी आधी दिसते, गाव मागून. गाव एक आणि राज्ये दोन, थोरली पाती आणि धाकटी पाती. रस्त्याच्या अलीकडे एका महाराजांचा अंमल, पलीकडे दुसऱ्यांचा. मुलगा दत्तात्रय थोरल्या पातीत शिक्षक होता आणि त्याचे काका आबासाहेब धाकट्या पातीत अंमलदार. दत्तात्रयाला वडील नव्हते. त्यामुळे घरात शब्द आबासाहेबांचा चाले, आणि तो बराच मोठ्याने चाले. मुलगा मान खाली घालून बसे, विचारले तर हो-नाही म्हणे. दोन दिवस मी त्याचे नुसते केस पाहिले. केस चांगले होते, पण तेवढ्यावर बहीण कशी द्यायची?

गोटीच्या सकाळी मी जिन्नस मागितले. वालाच्या शेंगांना तिकडे बालोर म्हणतात. वांगी, बटाटे, ओवा, जाडे मीठ मिळाले. मग मी एक कोरे मडके आणि विस्तव मागितला, तेव्हा दत्तात्रयाच्या आई, माई, यांनी पटकन देवाचे नाव घेतले. मडके आणि विस्तव कोणत्या प्रसंगी बरोबर निघतात ते मला उशिरा आठवले. मामांनी मध्ये पडून समजूत घातली. पोपटीला वास देणाऱ्या भांबुर्ड्याच्या रानपाल्याची मात्र मला चिंता होती, आणि तो विहिरीच्या बांधावर आपोआप उगवलेला सापडला. चुरगळून वास घेतला आणि खरे सांगतो, परक्या मुलखात शेजारी भेटल्यासारखे वाटले.

कृती सोपी आहे. मडक्यात तळाला भांबुर्डा, त्यावर अख्ख्या शेंगा, चिरा दिलेली वांगी, बटाटे, मधून मधून मीठ आणि ओवा, वर पुन्हा पाला गच्च दाबून तोंड बंद. पाण्याचा थेंब घालायचा नाही. मडके पालथे घालून भोवती जाळ करायचा आणि गप्पा मारायच्या. शेंगांना आपल्या अंगचीच वाफ पुरते.

आबासाहेब खाटेवरून हे सगळे पाहत होते. "मास्तर, एवढीच विद्या? आमचे बाफले बघा. आधी पाण्यात उकळायचे, मग भाजायचे. दोनदा शिजतात, तेव्हा कुठे पोटात धड बसतात न."

मी हसलो, मडके भरून ठेवले आणि हात धुवायला विहिरीवर गेलो. परत आलो, मडके उचलले. जड वाटले. पण सगळे पाहत असताना मडक्याशी काय बोलायचे? मी ते झोकात विस्तवावर पालथे घातले.

आतून तांब्याभर पाणी भळकन आले. फुस्स करून वाफेचा लोट उठला, राख आमच्या डोक्यांवर बसली आणि माझा विस्तव विझला. शेजारच्या बाफल्यांचा निखारा तेवढा वाचला.

आबासाहेब पोट धरून हसले. इथवर ठीक होते, मीही हसलो असतो. पण मग ते माईंकडे वळून म्हणाले, "वहिनी, पाणी घातलं की नाही हे भावाला आठवत नाही. बहीणही अशीच शिकलेली असेल. मी तर म्हणतो, हा विषय इथंच राहू द्या."

मामा पानाच्या डब्यात काहीतरी शोधू लागले. पोपटी गेली चुलीत, पण माझ्या वेंधळेपणापायी गोदीला नावे ठेवली जात होती, आणि पाणी आले कुठून हेच मला कळत नव्हते.

तेव्हा दत्तात्रय उठला. "आबा, पाणी मी घातलं."

"तू?"

"बाफले आधी उकळतात, म्हणून मला वाटलं मास्तर पाणी घालायचं विसरले. तुम्ही तर बघूनच राहिले होते. त्यांची फजिती नको व्हायला, म्हणून तुमची नजर वळताच गुपचूप पाला काढून तांब्या ओतला." मग तो माझ्याकडे वळला. मान वर होती. "मास्तर, माझी चूक झाली. आणि आबा, त्यांच्या बहिणीला यात कशाला ओढायचं? त्या तर इथं नाहीत न."

काकांसमोर पुतण्याने, त्यातही आपल्याच लग्नाच्या गोष्टीत तोंड उघडणे, हे त्या घरात बहुधा पहिल्यांदाच घडत होते. आबासाहेबांनी तपकिरीची डबी काढली. आईने मला जे पाहायला पाठवले होते, ते मी पाहिले. माझ्या डोळ्यांत पाणी आले. राखेमुळे ते खपून गेले.

पुढचे काम आम्ही दोघांनी केले. मडक्यातले पाणी निथळले, नवा पाला कोंबला, बाफल्यांच्या विस्तवातून निखारे मागून घेतले. दत्तात्रय गुडघ्यांवर बसून फुंकर घालत होता. पांढऱ्या सदऱ्याची पार वाट लागली. दोन मास्तर आणि एक मडके, त्यामुळे सूचना फार आणि जाळ थोडा. शेवटी मडके उघडले तेव्हा शेंगा फुटून मऊ झाल्या होत्या, वांग्यांचा लगदा झाला होता. आमच्या गावात असली पोपटी कोणी गाईला घातली नसती. माईंनी त्यावर तूप ओतले, बाफला कुस्करून कालवला, एक घास खाल्ला आणि म्हणाल्या, "चांगलं लागतं की." त्यांनी पुन्हा वाढून घेतले. आबासाहेबांनीही घेतले, दोनदा, कोणाकडे न पाहता.

तिथेच मळ्यात मी माईंना होकार दिला. साखर आणायला माणूस रस्ता ओलांडून दुसऱ्या राज्यात गेला, कारण दुकान तिकडे जवळ होते.

परतीच्या प्रवासात मी फार खूश होतो. घाट उतरताना गाणे म्हटले, खांडव्याला जिलबी खाल्ली, समोर बसलेल्या अनोळखी गृहस्थांना होणाऱ्या मेहुण्याची स्तुती ऐकवली. बोटीत बसल्यावर खाऱ्या वाऱ्याने जरा जाग आली. बोट, गाडी, पुन्हा गाडी, टांगा. हे सगळे गोदीला माहेरी यायला लागणार होते, आणि मी ते मोजले नव्हते.

घरी आईने घराणे, घर, माणसे, सगळे विचारून घेतले. तिला बरे वाटले. गोदी दाराआड उभी होती. आईचे विचारून होताच ती पुढे झाली. मग म्हणाली, "दादा, पोपटी केलीस म्हणे. कशी झाली?"

"बिघडली."

"तुझ्या हातून? कोणी बिघडवली?"

"तुझ्या नवऱ्यानं," मी म्हणालो.

तो शब्द आमच्या घरात तिच्यासाठी त्या दिवशी पहिल्यांदा उच्चारला गेला. गोदी हसली, लाजली आणि आत निघून गेली. तिला आपण देऊन आलो, हे मला तेव्हा कळले.