आठ तासांचं आलू-गोश्त

आमच्या मुलीनं इंग्लंडहून आणलेला स्लो कुकर चार वर्षं लोखंडी कपाटावर पडून होता. ती तिकडे नर्स आहे. एका सुट्टीत स्वेटरांमध्ये गुंडाळून तिनं ते जड भांडं आणलं, अम्मीला प्लग लावून दाखवलं आणि सांगितलं, की सकाळी सगळं घालायचं, बटण फिरवायचं आणि संध्याकाळी झाकण उघडायचं. तिच्या अम्मीनं, म्हणजे माझ्या बायकोनं, नीट ऐकून घेतलं. मुलगी परत गेल्यावर भांडं पुसून खोक्यात घातलं आणि कपाटावर ठेवून दिलं. "सहा शिट्ट्यांत जे शिजतं त्याला आठ तास राखण करत बसायला मी काय रिकामी आहे?" एवढंच ती म्हणाली.

मी शिक्षक होतो. नोकरीची शेवटची बरीच वर्षं सांगोल्याच्या बाजूला एका वस्तीवरच्या शाळेत गेली. सोमवारी पहाटेच्या एसटीनं जायचं, शनिवारी दुपारी सोलापूरला परत. तिकडे जेवणाचा डबा लावलेला होता. इकडे रविवारी आलू-गोश्त असायचं. मोठ्याचं मटण, म्हणजे आता म्हशीचंच, आणि काळ्या तिखटाच्या दाट रश्श्यात अख्खे वाटावेत असे बटाटे. तीसेक वर्षं मी ते खाल्लं. ते कसं करतात हे एकदाही पाहिलं नाही. स्वयंपाकघरात पाण्याचा तांब्या भरायला जायचो, तेवढाच आमचा संबंध.

निवृत्तीनंतरच्या पहिल्याच थंडीत बायकोला लकवा आला. सकाळची वेळ होती. ती आत भाकरी थापत होती, मी बाहेर पेपर वाचत होतो. थापण्याचा आवाज थांबला. मी पान उलटलं. थोड्या वेळानं भाकरी करपल्याचा वास आला, तेव्हा उठलो. ती भिंतीला टेकून उभी होती, उजवा हात लोंबत होता. माझ्याकडे बघून ती काहीतरी बोलत होती आणि त्यात एकही शब्द नव्हता. आवाज थांबला तेव्हाच मी उठायला हवं होतं का, असं नंतर डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, दहा मिनिटांनी फार फरक पडला नसता. खरं होतं म्हणून म्हणाले की माझ्याकडे बघून म्हणाले, मला अजून माहीत नाही.

तीन आठवड्यांनी तिला घरी आणलं. पाय पुष्कळ सुधारला होता, धरून चार पावलं टाकायची. उजवा हात मात्र जिथं ठेवावा तिथंच राहायचा. बोलण्यातले दोन शब्द शिल्लक होते. आमच्या घरात दखनी बोलतात. मी इथं सगळं मराठीत लिहितो आहे, पण ते दोन शब्द तसेच ठेवतो. 'हौ' म्हणजे हो, आणि 'नक्को' म्हणजे नको. बोलण्याचा सराव घ्यायला एक बाई घरी यायच्या. त्यांनी मला पहिल्याच दिवशी बाजूला घेऊन सांगितलं, "सर, त्यांना सगळं समजतं. पण हो म्हणायचं असताना तोंडातून नको निघेल, नको म्हणायचं असताना हो. नुसत्या शब्दावर जाऊ नका." मी मान डोलावली. आयुष्यभर मुलांना शिकवलेल्या माणसाला वाटत असतं, की ऐकलं म्हणजे समजलं.

सुरुवातीला नातेवाइकांचे, शेजाऱ्यांचे डबे आले. महिन्याभरात ते कमी झाले, आणि ते बरोबरच होतं. ज्याला त्याला आपलं घर असतं. मी खिचडी शिकलो. डाळ शिकलो. पण प्रेशर कुकरची शिट्टी झाली की बायको बसल्या जागी दचकायची, डावा हात कानावर घ्यायची आणि रडायला लागायची. आजारापूर्वी हीच बाई शिट्ट्या मोजत शेजारणीशी गप्पा मारायची. मी कुकर बंद करून पातेल्यात शिजवू लागलो. पातेल्यात गोश्त धड शिजेना, आणि तिला तर चावायलाही जड जायचं. दोन महिने घरात गोश्त आलं नाही.

हे मी मुलीला फोनवर सांगितलं. ती म्हणाली, "अब्बा, मग तो स्लो कुकर काढा ना! त्याला आवाजच नाही. गोश्त लोण्यासारखं होतं. मी कॅसरोलची कृती पाठवते."

"कॅसरोल आहे आपल्याकडे," मी म्हणालो. "चपात्या ठेवायचा."

"तो डबा नव्हे, अब्बा. पदार्थाचं नाव आहे."

तिनं लिहून पाठवलं. गोश्त, बटाटे, गाजर, कांदा, पाणी, मीठ, मिरपूड. एकदम घालायचं आणि झाकण लावायचं. मला ते फार आवडलं, कारण त्यात स्वयंपाक असा काही नव्हताच.

रविवारी सकाळी गोश्ताच्या दुकानात गेलो. तिथं माझी बायको सगळ्यांना माहीत होती, मी नव्हतो. दुकानदारानं विचारलं, "कुठलं देऊ?" मला उत्तर येईना. मग तोच म्हणाला, "भाभी पायाच्या वरचं न्यायच्या, शिरा असलेलं. वेळ लागतो, पण रस्सा धरतं." मी तेच द्या म्हटलं. त्यानं तोडता तोडता विचारलं, "आता कशी आहे तब्येत?" मी म्हणालो, बरी आहे. तो म्हणाला, "बरी कुठली? भाभी बऱ्या असत्या तर तुम्ही आला असता का?" मी पैसे मोजून दिले आणि पिशवी उचलली.

घरी येऊन मुलीच्या कागदाबरहुकूम सगळं भांड्यात घातलं. खाली गोश्त, वर बटाटे. बटण फिरवलं. कुकरनं आवाज केला नाही, वाफ सोडली नाही, काहीच केलं नाही. दर तासाला मी झाकण उचलून पाहत होतो. असं करायचं नसतं, त्यानं आतली ऊब जाते, हे नंतर कळलं. सात तासांनी ताट वाढलं. गोश्त बोटानं तुटत होतं. पाणी पाण्यासारखं होतं. बायकोला भरवायला बसलो. गोश्ताचा घास तिनं गिळला. बटाट्याचा घास तोंडात फिरवला आणि ताटाच्या कडेला काढून ठेवला. मधोमध कच्चा होता.

"नक्को," ती म्हणाली.

"थोडं खा. सकाळपासून मांडलंय."

"नक्को."

मी चमचा ताटात टाकला. "मग तूच कर," मी म्हणालो, आणि उठून बाहेर जाऊन बसलो. आमच्या खालच्या मजल्यावर टॉवेल विणणारं तेलुगू कुटुंब राहतं. त्यांचे माग रविवारी बंद असतात, त्यामुळे इमारत शांत होती आणि माझं वाक्य बहुधा सगळ्यांनी ऐकलं असणार. अर्ध्या तासानं आत गेलो. ती तशीच बसली होती. रडत नव्हती. डाव्या हातानं ती स्वयंपाकघराकडे बोट दाखवत होती.

"काय पाहिजे? पाणी?"

"नक्को." बोट तिकडेच.

मला वाटलं, चिडली आहे. सोमवारी पुन्हा तेच बोट, मंगळवारी पुन्हा. बुधवारी मला कळलं. 'मग तूच कर' हे मी रागानं फेकलेलं वाक्य तिनं कामाची सूचना म्हणून उचललं होतं.

पुढच्या रविवारी तिची खुर्ची ओट्यापाशी नेऊन ठेवली. आजारानंतर ती पहिल्यांदाच त्या खोलीत बसली. आधी सगळ्या डब्यांवरून नजर फिरवली. मी दोन डबे भलत्या जागी ठेवले होते. ते पूर्वीसारखे लावेपर्यंत तिनं पुढं काही करू दिलं नाही. मग कांदा. मी चिरलेला कांदा भांड्यात टाकायला निघालो, तर तिनं माझी बाही धरली आणि कढईकडे हात केला. कांदा तेलात परतायचा होता. तो गुलाबी झाला, मी गॅस बंद करायला गेलो, तिचा तळहात वर. तांबूस झाला, तळहात वरच. बरोबर केव्हा झाला हे तिनं पाहून नव्हे, वासावरून ठरवलं. डोळे मिटले होते. हात खाली आला तेव्हा मी त्यात आलं-लसूण, काळं तिखट आणि गोश्त घातलं.

मग ती बटाट्यांपाशी अडली. स्लो कुकरच्या भांड्याला तिनं बाहेरून हात लावला. मी ते आधीच चालू करून ठेवलं होतं. तळाशी हात नेला, बाजूला नेला, वर नेला. वर ऊब नव्हती. मी गोश्त ओतणार, तेवढ्यात तिनं बटाट्याची फोड उचलून तळात टाकली. मग दुसरी. एकेक करून डाव्या हातानं सगळ्या फोडी तळाशी लावल्या आणि मग मला खूण केली, आता ओत. जे मला सात तासांत कळलं नव्हतं, ते तिनं तळव्यानं एका मिनिटात काढलं. मला त्या वेळी आनंद झाला नाही. आठवड्यातून एक दिवस घरी येणारा पाहुणा इतकी वर्षं कुणाच्या हातचं खात होता, असं काहीतरी मनात आलं.

मिठाला मात्र घोळ झाला. "अजून घालू?" मी विचारलं. "हौ." घातलं. "अजून?" "हौ." घातलं. "अजून?" "हौ," आणि तिचा हात बरणी दूर ढकलत होता. मी शब्द ऐकला, हात पाहिला नाही. संध्याकाळी पहिल्याच घासाला दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. ती हसायला लागली. तोंड एका बाजूनंच उघडायचं, पण हसणं पूर्ण होतं. बाईंनी पहिल्या दिवशी सांगितलेलं मला तेव्हा समजलं. बटाटे मात्र शिजले होते. रस्सा बाजूला सारून आम्ही ते दह्याबरोबर खाल्ले.

तिसऱ्या रविवारी मी मिठाला इतका भ्यायलो होतो, की जेमतेम चिमूटभर घातलं. बाकी सगळं तिच्या हाताच्या खुणांनी झालं. दुपारपासून घरभर वास होता, जिन्यातही गेला असणार. आठ तासांनी भाकरी कुस्करून ताट तिच्यापुढे ठेवलं. तिनं डाव्या हातानं स्वतः घास घेतला. चावला, गिळला.

"मीठ," ती म्हणाली.

मी उठून बरणी आणली, रश्श्यात टाकलं, ढवळलं. पुन्हा बसल्यावर काय झालं ते माझ्या लक्षात आलं. पाच महिन्यांनी तिसरा शब्द निघाला होता. "काय म्हणालीस?" मी विचारलं. तिनं पुष्कळ प्रयत्न केला, पण तो पुन्हा आला नाही. "नक्को," ती शेवटी म्हणाली आणि जेवू लागली.

मुलीला फोनवर सांगितलं तर ती रडली. सरावाच्या बाईंनी वहीत टिपून घेतलं आणि म्हणाल्या, "छान. पण लगेच रोज येईल असं धरून चालू नका." नाहीच आला. पुढे दहाबारा दिवसांनी मीठ पुन्हा आलं, त्यानंतर पाणी आणि सून. सून कुठून आली कळेना, आम्हाला सून नाही. आता दोन वर्षं होऊन गेली. शब्द वाढले आहेत, पण वाक्य अजून होत नाही. माणसांची नावं येत नाहीत. मला ती काही दिवस 'आलू' म्हणायची. मी ओ द्यायचो.

स्वयंपाक अजून मीच करतो. नमाज पढून आलो की रविवारचा कांदा चिरायला घेतो. गाजर आणि मिरपूड आम्ही कधीच सोडून दिलं; मुलीलाही आता तिकडे काळं तिखट पाठवावं लागतं. मध्येच वीज गेली तर भांडं जाड रजईत गुंडाळून ठेवतो आणि वीज आल्यावर पुन्हा लावतो. एक-दोनदा वीज फारच उशिरा आली, तेव्हा पातेल्यात काढून मंद गॅसवर ठेवलं. तेही बरं लागलं.

मागच्या वर्षी मी एका जुन्या लाकडी पाटाला खालून दोन स्टीलचे खिळे ठोकले, टोकं वर येतील असे. त्यात बटाटा खोचला की हलत नाही, आणि एका हातानं चिरता येतो. बायको आता बटाटे स्वतः चिरते. चार बटाट्यांना तिला पाऊण तास लागतो. फोडी लहानमोठ्या होतात, काही सालासकट जातात. मी शेजारी लसूण सोलत बसतो. एखादी फोड खाली पडली तर उचलून, धुऊन पुन्हा तिच्या ताटलीत ठेवतो.