एक्स आणि इनटू

यांची नजर जायला लागली तेव्हा आमच्या लग्नाला फार वर्षं झाली नव्हती. हे जालन्याच्या एका शाळेत वरच्या वर्गांना गणित शिकवायचे. निजामाच्या राज्यात बाकी ठिकाणी जमा-तफरीक, म्हणजे बेरीज-वजाबाकी, उर्दूतून चाले, यांच्या शाळेत मात्र गणित इंग्रजीतून होतं. आधी फळा धूसर झाला, मग पुस्तक. डॉक्टरांनी डोळ्यांत उजेड पाडून पाहिलं आणि चष्म्यानं काही होणार नाही म्हणून सांगितलं. नोकरी जाईल या भीतीनं यांनी शाळेत कुणाला कळू दिलं नाही.

माझी मराठी चौथी झालेली. यांनी ताटात पीठ पसरून मला इंग्रजी अंक आणि अक्षरं बोटानं गिरवायला लावली. शब्द शिकवायला सवड नव्हती, नुसत्या खुणा शिकवल्या. मी अधिक म्हटलं की म्हणायचे, प्लस म्हण. उणे नाही, मायनस. गुणिलेला इनटू. दोन अंकांमध्ये आडवी रेघ असली की अपॉन, डोक्यावर बारका दोन असला की स्क्वेअर. मला एक्स आणि इनटूनं फार छळलं. दोन्ही फुल्याच.

"पाय वळलेले असले तर एक्स, ताठ असले तर इनटू," हे म्हणाले. "बराबर बघ. घाई न्हाई."

रोज हे शाळेतून आले की मी उद्याच्या धड्यातली उदाहरणं वाचायची. हे एकदा ऐकून पाठ करायचे आणि दुसऱ्या दिवशी पोरांकडून फळ्यावर लिहून घ्यायचे. शेजारीण विचारायची, तुम्ही दोघं रोज कसले मंत्र म्हणता?

पुढं कुणीतरी चुगली केली असावी. हेडमास्तर वर्गात आले, त्यांनी स्वतः फळ्यावर एक समीकरण लिहिलं आणि यांना वाचायला सांगितलं. हे खडूच्या आवाजावरून अंदाज बांधत राहिले, पण वाचता आलं नाही. हेडमास्तर वाकडं काही बोलले नाहीत. हात धरून यांना घरापर्यंत आणून सोडलं. नोकरी गेल्यापेक्षा तो धरलेला हातच यांना जास्त लागला.

आम्ही हसनाबादला दिरांच्या घरी गेलो. कुणी टोचून बोललं नाही. हे दिवसभर ओट्यावर बसायचे. भांडी आवरली की मी तेच पुस्तक घेऊन जवळ बसायची. ते संपलं, पुन्हा सुरू केलं. पुढं पुढं माझं वाचून व्हायच्या आत यांचं उत्तर यायला लागलं. मग एकदा मी मनानंच एक उदाहरण रचून वाचलं.

हे खूप वेळ विचार करत राहिले. "हे सुटत न्हाई. कोणत्या पानावरचं?"

"पुस्तकातलं न्हाई. माझंच आहे."

यांचं मन रमावं म्हणून मी हे केलं, ते यांना कळलं.

"मंग आता राहू दे," म्हणाले.

त्यानंतर यांनी कधी वाचायला सांगितलं नाही. मी विचारलं तर डोकं दुखतंय म्हणायचे. पुढच्या उन्हाळ्यात तापाचं निमित्त झालं आणि गेले.

निजामी संपल्यावर गावच्या शाळेत मराठी आली. नवे मास्तर घरी आले. तुम्हाला इंग्रजी येतं असं ऐकलं, मुलींना थोडं शिकवाल का, म्हणाले. मला इंग्रजीतला एक शब्दही वाचता येत नव्हता. मी त्यांना तसं सांगितलं आणि चहा ठेवायला आत गेले.