काजवी महिन्याची सोळा तारीख

मंडळी, विचित्र अनुभवांच्या या ग्रुपवर मी आजवर फक्त कमेंट करायला यायचो, आणि त्याही बहुतेक खोचक. कुणाला पांढरी साडी दिसली की मी विचारायचो, लाइट गेले होते का? गणित शिकवतो, त्यामुळे ज्याची रीत दाखवता येत नाही त्याला मी मार्क देत नाही. आज स्वतःच रीत नसलेलं उदाहरण घेऊन आलोय... हसा.

राहायला संग्रामपूर. घरात मी आणि आई, दोघंच. गोष्ट दोन वर्षांपूर्वीची, तेव्हा मी छत्तीसचा, बिनलग्नाचा. तीन स्थळं घर पाहून, चहा पिऊन, ‘कळवतो’ म्हणून गेली होती, ती गेलीच. आईला ते फार लागलं होतं. मलाही लागलं होतं, फक्त मी दाखवत नव्हतो.

मोकळ्या वेळात मी एक कादंबरी लिहितो. काल्पनिक जग, राजे, पहाड, उडणारे बैल वगैरे. त्या जगासाठी मी एक कॅलेंडर बनवलं होतं — नऊ महिने, प्रत्येकी चाळीस दिवस, आठवडा आठ दिवसांचा. आठवा दिवस उनाडवार. त्या दिवशी कुणी काम करायचं नाही. पहिला महिना काजवी. अशाने तीनशे साठ दिवस होतात आणि वर्षाचे पाच उरतात. ते कुठे बसवायचे हे चार वर्षं जमत नव्हतं. सगळं एका वहीत, वही कपाटात. मोबाइलवर एक अक्षर नाही, कुणाला दाखवलेलं नाही. फक्त एकदा मोठ्या कागदावर रंगीत पेनांनी सगळं स्वच्छ उतरवून काढलं.

तो कागद आईने स्वयंपाकघरातल्या खिळ्याला टांगला. आमच्याकडे भिंतीवरचं कॅलेंडर म्हणजे घराची आठवण... दूध आलं का, सिलेंडर कधी लावलं, म्हैस कधी विणार. नेहमीचं कॅलेंडर उंदराने कुरतडलं होतं आणि नवीन आणायचं मी रोज विसरत होतो. आईने काजवीच्या एक तारखेपासून दुधाच्या फुल्या मारायला सुरुवात केली. मी हटकलं तर म्हणाली, आठवडा आठ दिवसांचा, बरोबरच तर आहे. उनाडवारी तर तिने भाजीही केली नाही, लोणचं-भाकर वाढली. मला गंमत वाटली आणि नवीन कॅलेंडर राहूनच गेलं.

एका दुपारी मी शाळेत असताना मेहकरहून एका मुलीच्या मामांचा फोन आला. भाची पोस्टात कामाला आहे, आधी आम्ही मोठी माणसं घर पाहून जातो, कधी येऊ? आईने भिंतीकडे पाहिलं आणि सांगितलं — काजवी महिन्याची सोळा, उनाडवार. मामा ‘बरं’ म्हणाले.

संध्याकाळी तिने हे मोठ्या उत्साहाने सांगितलं आणि मी कपाळावर हात मारला. ही तारीख पृथ्वीवर नाही! कादंबरीतल्या वर्षाचा आपल्या वर्षाशी मी संबंधच लावला नव्हता. तो लागला होता फक्त आईच्या फुल्यांनी, आमच्या स्वयंपाकघरात. मोजलं तर सोळा म्हणजे पुढचा गुरुवार. लगेच मामांना फोन लावला, माफी मागायला तोंड उघडलं, तर ते म्हणाले, “समजली आम्हाले तारीख. उनाडवारी येतो,” आणि फोन ठेवला. टिंगल करताहेत, दुसरं काय. चौथं स्थळ न येताच गेलं असं मी धरून चाललो. त्या आठवड्यात आईशी धड बोललो नाही, याचं अजून वाईट वाटतं.

गुरुवारी सकाळी मी शाळेच्या तयारीत, अजून बनियनवर, आणि दारात जीप उभी राहिली. मामा, मामी, आणि मागून निळ्या ड्रेसमधली एक मुलगी. आई पाणी घेऊन पुढे झाली, जणू सगळं ठरल्याप्रमाणेच चाललंय. मी शर्ट अडकवून आलो आणि मामांना विचारलं, आजच कसे आलात?

“तुमच्या आईनं सांगतलं ते मी कागदावर लिहून घेतलं,” मामा म्हणाले. “कोनालेच समजेना. भाचीनं पाह्यलं अन् म्हने, पुढचा गुरुवार. म्हून तिलेच संगं आनलं.” बोलताना ते माझ्याकडे असे पाहत होते की आता मीच काय ते समजावून सांगावं.

मामींनी आम्हा दोघांना बोलायला गच्चीवर पाठवलं. छान ऊन पडलं होतं, सातपुडा स्वच्छ दिसत होता. मी सरळच विचारलं, तारीख कशी कळली? ती म्हणाली, “लहानपणापासून मी असंच मोजते. कुठून आलं ते नाही माहीत. पोस्टात रोज तारखेचा शिक्का मारते अन् मनात दुसरीच तारीख म्हणते. घरी सांगितलं असतं तं डॉक्टरकडं नेलं असतं.”

मास्तरच मी, परीक्षा घेतली. महिने सांगा म्हटलं. तिने नऊच्या नऊ क्रमाने सांगितले. आता ऐका — सातव्या महिन्याचं नाव मी आदल्याच दिवशी वहीत बदललं होतं, ‘मोहगळ’ केलं होतं. भिंतीवरच्या कागदावर जुनंच होतं. तिने मोहगळ सांगितलं. वर म्हणाली, आधी दुसरं होतं, पण ते तितकं चांगलं नव्हतं.

अंगावर काटा आला होता, पण भीतीचा नाही. परमुलखात अचानक आपल्या गावचं माणूस भेटावं तसा आनंद झाला होता, पोटातून.

“उरलेल्या पाच दिवसांचं काय केलं तुम्ही?” तिने विचारलं.

ते जमलेलं नाही, मी कबूल केलं.

“माझ्याकडं आहेत,” ती म्हणाली. “त्यांना महिना नाही, वार नाही. त्या दिवसांत कोणी कोणाला काही विचारायचं नाही. नुसतं संगं राहायचं.” मग म्हणाली, “चालत असंल तं घेऊन येते.”

मी इतक्या जोरात हो म्हणालो की खाली मामांना ऐकू गेलं.

लग्नानंतर आम्ही दोघांनी बसून खूप शोधलं. लहानपणी वाचलेलं एखादं पुस्तक, एखादा ओळखीचा माणूस, एखादं गाव... दोघांत सामाईक असं काहीच सापडलं नाही. आईला यात नवल वाटतच नाही. तिने तारीख सांगितली, ते आले, एवढंच तिचं म्हणणं.

सध्या ते पाच दिवस चालू आहेत. आज तिसरा. ती शेजारी शेंगा फोडत बसली आहे आणि मी मघापासून काय लिहितोय हे तिने एकदाही विचारलेलं नाही. तुम्हीही परवापर्यंत काही विचारू नका. त्यानंतर विचारलंत तरी माझ्याकडे उत्तर नसेलच.