त्या दिवसाचा तळ

आमच्या घरमालकांइतकी प्रवासाची तयारी केलेला माणूस पनवेलात तरी दुसरा झाला नसेल. आणि त्यांच्याइतका घराला चिकटून बसलेलाही. जवळच आपटा गावात त्यांची सख्खी बहीण होती, पण तिच्याकडेसुद्धा ते वर्षानुवर्षं गेले नव्हते. "यस्टीनं काय जायचं? बोट तयार होतेय ना," म्हणायचे. बोट परसात शेवग्याखाली उभी होती. ती खोल समुद्राच्या तळाशी जाणार होती आणि तिथूनच मागच्या काळात.

मी तेव्हा नांदेडकडून नवऱ्यामागे आलेली. पाचवीतून शाळा सुटलेली, सदा घाबरलेली. नवरा ट्रकवर, आठ-आठ दिवस बाहेर. कोकणात रेल्वे न्यायचं काम सुरू झालेलं, त्याची खडी वाहायचा. नळावर बायका माझ्या बोलण्याला हसायच्या, म्हणून मी पाण्यालाच जाईना. तिसऱ्या दिवशी घरमालक भरलेला हंडा खांद्यावर घेऊन दारात. "भ्यायचं नाय गो पोरी. हितं खाडीशिवाय कोन गिळत नाय कोनाला." परक्या गावात मला पोरी म्हणणारं ते पहिलं माणूस. मी त्यांना बाबा म्हणू लागले ते तेव्हापासून.

बोट म्हणजे दोन लोखंडी टाक्या, तोंडाला तोंड लावून वेल्डिंग केलेल्या. पुढे भंगारातल्या ट्रकची काच, आत मोडक्या थेटरातली खुर्ची आणि डोक्यावर प्रेशर कुकरची शिट्टी. शिट्टी कशाला, तर "देवमासा आडवा आला तर?" भिंतीवरचं घड्याळ उलटं चालवून द्या म्हणून ते बाजारातल्या घड्याळवाल्याकडे महिनाभर खेटे घालत होते. तो शेवटी हात जोडून म्हणाला, "काका, लोकांची सुलटी चालवता चालवता मी म्हातारा झालो, मला सोडा." तळाशी गारठा असतो म्हणून बाबा भर मे महिन्यात स्वेटर घालून सराव करायचे, आणि घामानं निथळत म्हणायचे, "बघ, जमतंय." बोटीला नाव मात्र ठेवलं नव्हतं. "परत आली तर ठेवू. न आलेल्या बोटीला नाव कशाला?"

एकदा मी धीर करून विचारलं, "बाबा, पण बोट तर जमिनीवर हाये. पाण्यात कशी जाईल?"

माझ्या अडाणीपणाची त्यांना खरोखर कीव आली. "अगो, आदी मागच्या काळात शिरायचं. मंग पानी आपसूक येल. हा समदा भराव हाय. तवा शेवग्यापत्तुर खाडीच होती."

तळाशी काय आहे, हे मात्र त्यांनी एकदाच सांगितलं. तरुणपणी ते आणि धाकटा भाऊ मचव्यातून मीठ घेऊन निघाले होते. अमावास्येची भरती, वर वारा, मचवा उलटला. बाबा पोहत काठाला लागले, भाऊ लागला नाही. "आजच्या तळात काय हाय? गाळ. मना त्या दिसाचा तळ पायजे."

मग एका अमावास्येला, दुपारी, त्यांनी मला परसात बोलावलं. अंगात स्वेटर होता. "मी आतून टकटक करीत जाईन. टकटक थांबली म्हंजे पोचलो. मंग हाक मारू नको." झाकण त्यांनी आतून बोल्टांनी आवळलं. फटीफटीत त्यांनी स्वतःच रबर ठासून वर डांबर ओतलेलं. मुंगी शिरली नसती. शिट्टीसुद्धा डांबरानं बुजवली होती.

मी पायरीवर बसले. टकटक सुरू झाली. सुरुवातीला चांगली, दार वाजवावं तशी. मग सावकाश. मग इतक्या अंतरानं, की मीच मधे श्वास धरून बसायची. काचेला आतून वाफ धरलेली, काही दिसेना. आणि टकटक थांबली.

पोचले की मेले, हे मला कोण सांगणार होतं? सात वर्षांचं काम होतं ते त्यांचं. मी घरात पळाले, वरवंटा आणला आणि काचेवर घातला. पहिल्यांदा नुसती तडकली. मग घालतच राहिले.

शेजाऱ्यांनी बाबांना ओढून काढलं तेव्हा ओठ निळे पडले होते. पाणी मारलं, वारा घातला. बऱ्याच वेळानं डोळे उघडले. भोवती एवढी माणसं, पण बघितलं माझ्याकडेच. "त्याची पाठ दिसली व्हती गो. जरा थांबली असतीस तर वळला असता."

पुढे पंधरा दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत. आज खोली खाली करायला सांगतील, उद्या सांगतील, म्हणून मी भांडी फडक्यात बांधून ठेवलेली. बोट त्यांनी पुन्हा हातात घेतली नाही. फुटक्या काचेतून कोंबड्या आत शिरून अंडी घालू लागल्या.

एका सकाळी ते दाराशी आले. बांधलेलं बोचकं त्यांनी पाहिलं.

"ह्ये काय?"

"तुमी रागावलात ना बाबा."

ते उंबऱ्यावर बसले. "आमी दोगं पोहत व्हतो तवा तो मना हाका मारत व्हता. मी मागं बगितलं नाय. बगितलं असतं तर मीबी गेलो असतो." मग बोचक्याची गाठ स्वतःच सोडायला लागले. गाठ सुटेना. "तू बगितलंस. तुझ्यावर कसा रागावू? चल, चहा ठेव."

मी पातेलं बोचक्यातून ओढून काढलं. दूध नासलेलं निघालं. कोरा चहा दोघांनी उंबऱ्यावर बसून प्यायला, आणि त्यानंतर ते होते तोवर, सकाळचा पहिला चहा ते माझ्याच दारात घ्यायचे.